तोकबोक्कीच्या कांड्या कधी कडक, कधी लगदा : कारणे आणि उपाय

घरी तोकबोक्की, म्हणजे तिखट रश्श्यात शिजवलेल्या तांदळाच्या कांड्यांचा कोरियन पदार्थ, करणाऱ्यांच्या तक्रारी वरवर वेगवेगळ्या दिसतात. कोणी सांगते की कांड्या आतून कडक राहिल्या, कोणाच्या त्या उभ्या चिरल्या, तर कोणाच्या कढईत शेवटी लाल खीरच उरली. यात वारंवार आढळणारी गोष्ट अशी की मागच्या वेळी जमलेली कृती जशीच्या तशी पाळूनही या वेळी ती बिघडते. मग दोष रश्श्यावर टाकला जातो आणि गोचुजांग (आंबवलेली मिरचीची दाट कोरियन पेस्ट) वाढवले जाते, साखर कमी केली जाते किंवा मिरची बदलली जाते. माझे ठाम मत असे आहे की रश्श्याचा दोष यात क्वचितच असतो. तांदळाची कांडी, म्हणजे तोक, पातेल्यात जाण्यापूर्वी कोणत्या अवस्थेत होती यावर पुढचे जवळजवळ सगळे ठरते आणि नेमकी हीच गोष्ट बहुतेक कृतींमध्ये एका ओळीत उरकलेली असते.

आधी पदार्थ नीट समजून घेऊ. आखूड दाण्याचा, साधा (म्हणजे गोड पदार्थांसाठी वापरतात तो खास चिकट नव्हे) तांदूळ भिजवून दळतात, ते ओलसर पीठ वाफवतात आणि गरम असतानाच कुटून किंवा यंत्रातून दाबून त्याच्या लांब कांड्या काढतात. सुकी मासळी आणि दाशिमा नावाचे समुद्री शेवाळ उकळून केलेल्या पाण्यात गोचुजांग, गोचुगारू (रवाळ कोरियन मिरचीपूड), सोया सॉस आणि साखर घालून त्यात या कांड्या शिजवल्या की आज आपण ओळखतो ती तोकबोक्की तयार होते. तिचे जुने रूप मात्र तिखट नव्हते. राजवाड्याच्या स्वयंपाकाशी जोडली जाणारी तोकबोक्की आजही सोया सॉस, मांस आणि भाज्या घालून केली जाते. लाल तोकबोक्कीची सुरुवात सहसा सोलमधल्या सिनदांग-दोंग भागातल्या मा बोक-रिम या विक्रेत्या स्त्रीच्या नावाशी आणि १९५३ या सालाशी जोडतात. कोरियन युद्धानंतरच्या दशकांत तिथे तांदूळ अपुरा होता, सरकार गव्हाचे पीठ आणि मिश्र धान्ये खाण्याचा आग्रह धरत होते आणि त्यामुळे रस्त्यावरच्या गाड्यांवर गव्हाच्या कांड्या रुजल्या. हा इतिहास सांगण्याचे कारण असे की आजही दुकानात दोन्ही प्रकार शेजारी शेजारी मिळतात, दिसायला सारखे असतात आणि पातेल्यात अगदी वेगळे वागतात. पाकिटावरच्या घटकांच्या यादीत तांदूळ आहे की गहू हे पाहणे, ही दुरुस्तीची पहिली पायरी आहे.

कांडी कडक होते म्हणजे काय होते

तांदळातला स्टार्च पाणी आणि उष्णता मिळाल्यावर फुगतो, त्याच्या साखळ्या सैल होतात आणि मऊ, ताणला जाणारा गोळा तयार होतो. तो थंड झाला की त्याच साखळ्या पुन्हा एकमेकींना चिकटून घट्ट रचना करतात आणि त्यांच्यामध्ये अडकलेले पाणी बाहेर ढकलले जाते. रात्रीचा भात सकाळी फ्रीजमधून काढल्यावर टणक लागतो, त्याचे कारण हेच आहे. ही क्रिया फ्रीजच्या तापमानाला, म्हणजे ० ते ५ अंश सेल्सियसच्या आसपास, सर्वांत वेगाने होते, तर डीप फ्रीजरमध्ये ती जवळजवळ थांबते. त्यामुळे ताज्या कांड्या ‘सुरक्षित राहाव्यात’ म्हणून दोन दिवस फ्रीजच्या कप्प्यात ठेवणे हा त्यांना कडक करण्याचा सर्वांत खात्रीचा मार्ग ठरतो.

दिलासा असा की हा कडकपणा बऱ्याच अंशी परत फिरवता येतो. साधारण ६० अंशांच्या पुढे तापवल्यावर त्या रचनेचा मोठा भाग पुन्हा सुटतो. अट एवढीच की ती उष्णता आणि सोबत थोडे पाणी कांडीच्या मध्यापर्यंत पोहोचले पाहिजे. कांडी बोटाएवढी जाड असेल आणि ती थेट फ्रीजमधून दाट, गोड रश्श्यात पडली, तर बाहेरचा थर मऊ होऊन सुटू लागतो तेव्हाही मध्यभाग थंडच असतो. दाट रश्श्यात उष्णता सावकाश फिरते आणि त्यातली साखर व मीठ पाणी धरून ठेवतात, त्यामुळे वेळ वाढवूनही हा प्रश्न सुटत नाही, उलट बाहेरचा थर आणखी विरघळतो. ‘आतून कडक आणि बाहेरून चिकट’ या तक्रारीचे मूळ इथे आहे.

म्हणून कांड्या कशा मिळाल्या आहेत त्यानुसार तयारी बदलावी लागते. त्याच दिवशी केलेल्या, बोटाने दाबल्यावर मऊ लागणाऱ्या कांड्या अजिबात भिजवू नयेत, कारण भिजवल्याने त्यांचा पृष्ठभाग पाणचट होतो आणि त्या फार लवकर लगदा होतात. फ्रीजमधल्या कांड्या एकमेकींपासून सोडवून कोमट पाण्यात १५ ते २० मिनिटे ठेवाव्यात. गोठवलेल्या कांड्यांना साध्या थंड पाण्यात अर्धा तास तरी द्यावा आणि त्या सुट्या होऊ लागल्या की हाताने हलकेच वेगळ्या कराव्यात. चाकूने ओढून काढू नयेत. शेवटी एक कांडी आडवी कापून पाहावी. मध्यभागी पिठूळ, फिकट ठिपका दिसत असेल तर तिला आणखी वेळ हवा आहे. ही तपासणी मला घड्याळापेक्षा अधिक भरवशाची वाटते, कारण कांडीची जाडी कंपनीगणिक बदलते.

भारतात आणि परदेशातल्या आशियाई दुकानांत बहुधा चौथा प्रकार मिळतो : हवा काढून बंद केलेली, फ्रीजबाहेर महिनोन्‌महिने टिकणारी पाकिटे. अशा अनेक पाकिटांत टिकाऊपणासाठी थोडे खाद्य अल्कोहोल आणि आंबटपणा राखणारा घटक घातलेला असतो. पाकीट उघडताच येणारा किंचित आंबट किंवा स्पिरिटसारखा वास हा त्याचाच असतो आणि तेवढ्यावरून माल खराब आहे असे समजण्याचे कारण नाही. मात्र बुरशीचे डाग, बुळबुळीत थर किंवा फुगलेले पाकीट दिसले तर ते टाकूनच द्यावे. वास घालवण्यासाठी कांड्या दोन पाण्यांतून धुवाव्यात आणि उकळत्या पाण्यात मिनिटभर बुडवून लगेच काढाव्यात. एवढे केले नाही तर तो आंबटपणा रश्श्यात उतरतो आणि गोचुजांगच बिघडलेले आहे असा गैरसमज होतो. मिनिटभरापेक्षा जास्त उकळणेही योग्य नाही, कारण रस्सा दाट करणारा स्टार्च कांड्यांच्या पृष्ठभागावरून सुटतो आणि तो त्या पाण्यासोबत फेकला गेला तर रस्सा शेवटपर्यंत पातळच राहतो.

चिरणाऱ्या कांड्या

कांडी लांबीच्या दिशेने चिरते तेव्हा तिचा पृष्ठभाग आधीच वाळलेला असतो किंवा ती गोठलेल्या अवस्थेत थेट उकळत्या पाण्यात पडलेली असते. बाहेरचा थर तापून फुगतो, आतला गाभा अजून घट्ट असतो आणि ताण सहन न होऊन भेग पडते. मायक्रोवेव्हमध्ये बर्फ उतरवताना टोके कोरडी पडतात आणि तिथूनच चिरा सुरू होतात, म्हणून हा मार्ग टाळावा. पाकीट उघडल्यावर उरलेल्या कांड्या उघड्या ठेवू नयेत. त्यांना तिळाच्या तेलाचा अगदी पातळ हात लावावा, घट्ट पिशवीत सपाट पसराव्यात आणि फ्रीजरमध्ये ठेवाव्यात. आधीच खोल भेगा पडलेल्या कांड्या वाया गेल्या असे मुळीच नाही. त्या तिरक्या, पातळ चकत्यांमध्ये कापाव्यात. कोरियात नववर्षाच्या सकाळी खाल्ल्या जाणाऱ्या तोकगुक या सूपमध्ये अशाच चकत्या असतात, आणि त्या तोकबोक्कीतही उत्तम लागतात, फक्त शिजायला निम्मा वेळ घेतात.

लगदा झाला तर

तांदळाच्या कांड्या मऊ झाल्यानंतर फार काळ थांबत नाहीत. नीट भिजवलेल्या कांड्यांना मध्यम आचेवर ८ ते १० मिनिटे पुरतात. त्यानंतर त्या फुगतात, कडा सुटतात आणि रस्सा पेजेसारखा होतो. गव्हाच्या कांड्या मात्र बराच वेळ उकळूनही आकार धरून राहतात आणि हळूहळू चव आत ओढून घेतात. मोठ्या सपाट तव्यावर दुपारभर मंद उकळत राहणाऱ्या रस्त्यावरच्या तोकबोक्कीला त्या शोभतात. तशीच, आतपर्यंत मुरलेली चव घरी तांदळाच्या कांड्या अर्धा तास उकळून मिळवण्याचा प्रयत्न केला की लगदा ठरलेलाच असतो. ती चव हवी असेल तर गव्हाच्या किंवा मिश्र पिठाच्या कांड्या आणाव्यात, आणि चिवट, दाताला जाणवणारा पोत हवा असेल तर तांदळाच्या आणून त्या पानावर सगळे बसले की मगच शिजवायला घ्याव्यात. दोन्ही गुण एकाच कांडीत शोधू नयेत.

रस्सा

३०० ग्रॅम कांड्यांना साधारण ४०० ते ४५० मिली पाणी, २ मोठे चमचे गोचुजांग, १ मोठा चमचा गोचुगारू, १ मोठा चमचा सोया सॉस आणि १ ते दीड मोठा चमचा साखर हे प्रमाण सुरुवातीला योग्य ठरते. पाणी उकळले की आधी गोचुजांग पूर्ण विरघळवावे आणि मग कांड्या घालाव्यात. सुरुवातीला रस्सा फार पातळ दिसतो आणि इथेच घाई होते : कोणी कॉर्नफ्लोअर लावते, कोणी आणखी गोचुजांग घालते. दोन्हींची गरज नसते. कांड्यांतून सुटणारा स्टार्च शेवटच्या ३-४ मिनिटांत रस्सा आपोआप दाट करतो आणि ताटात वाढल्यावर तो आणखी घट्ट होतो. म्हणून हवा आहे त्यापेक्षा थोडा पातळ असतानाच गॅस बंद करावा. खोल पातेल्याऐवजी पसरट भांडे घेतले तर वाफ वेगाने जाते आणि कांड्या एकमेकींवर दबत नाहीत. पातळ बुडाच्या स्टीलच्या कढईत गोचुजांग आणि साखर तळाशी बसून करपतात आणि तो कडूपणा पुढे कशानेही जात नाही, त्यामुळे जाड बुडाचे भांडे घेऊन लाकडी उलथन्याने तळ खरवडत राहावे.

रस्सा जड, पिठूळ आणि मंद चवीचा वाटत असेल तर त्यात बहुधा सगळा तिखटपणा गोचुजांगवरच सोपवलेला असतो. गोचुजांगमध्ये मिरचीबरोबर आंबवलेले सोयाबीन, तांदूळ किंवा गहू आणि गोडवा असतो, त्यामुळे ते वाढवले की तिखटाबरोबर खारटपणा आणि चिकटपणाही वाढतो. तिखटपणा वाढवायचा असेल तर गोचुगारू वाढवावे. ते मिळत नसेल तर बेडगी मिरची बिया काढून, बारीक पूड न करता रवाळ कुटावी. बाजारची मऊसूत मिरचीपूड रश्श्याला गढूळ करते आणि बियांमुळे कडवटपणाही आणते. बेडगीचा रंग अगदी जुळतो आणि तिचा तिखटपणाही सौम्य असतो. मात्र तिला तेलात परतू नये. ती फोडणीची चव इथे परकी वाटते. गोचुजांगची जागा मात्र शेजवान चटणी घेऊ शकत नाही. तिच्यात लसूण आणि व्हिनेगर पुढे असतात आणि आंबवण्यातून येणारी खोली नसते. गुळाबद्दलही माझा सल्ला नकाराचाच आहे. त्याचा स्वतःचा वास रश्श्यावर बसतो. साधी साखर किंवा कॉर्न सिरप वापरावे.

मासळीच्या पाण्यासाठी कोरियात सुक्या अँचोव्हीचे डोके आणि पोट काढून टाकतात, कारण कडवटपणा तिथून येतो. ती न मिळाल्यास कोकणातले सोडे मूठभर घ्यावेत. सुकी कोळंबी कोरियन स्वयंपाकातही पाण्याला चव आणण्यासाठी वापरली जाते, त्यामुळे ही तडजोड पदार्थाच्या चौकटीतच राहते. दाशिमा पाणी उकळू लागल्यानंतर काही मिनिटांतच काढून घ्यावे, अन्यथा पाणी बुळबुळीत होते. शाकाहारी घरांत दाशिमा आणि सुके शिताके मशरूम पुरेसे आहेत. मात्र तयार पाकिटातल्या सॉसमध्ये आणि नूडल्सच्या मसाल्यात मासे किंवा गोमांसाचा अर्क असू शकतो, म्हणून लेबल वाचल्याशिवाय ते घालू नये.

घरी केलेल्या कांड्या

सर्वाधिक निराशा या प्रयत्नात होते, आणि ज्यांना उकडीचे मोदक उत्तम जमतात त्यांचीही होते, म्हणून याविषयी सविस्तर लिहितो. मोदकाची उकड काढताना आपण पिठी उकळत्या पाण्यात घालतो, वाफ आणतो, मळतो, मोदक वळतो आणि मग ते वाफवतो. ते आवरण मऊ आणि चटकन तुटणारे हवे असते आणि तसेच ते होते. त्याच उकडीच्या कांड्या वळून वाफवल्या तर त्या रश्श्यात पडताच तुकडे होतात, कारण पिठाचे कण शिजतात पण एकमेकांत मिसळून एकसंध होत नाहीत. तोकमध्ये क्रम उलटा आहे : पीठ आधी पूर्ण वाफवायचे आणि त्यानंतर, गरम असतानाच, ते कुटायचे. पूर्ण फुगलेले कण कुटण्याने फुटतात आणि त्यांच्यातला स्टार्च एकमेकांत गुंफला जातो. कांडीचा चिवटपणा या कुटण्यातून येतो, त्यामुळे ही पायरी गाळून कोणतेही पीठ उपयोगाचे नाही.

तांदळाची निवडही महत्त्वाची आहे. बासमती किंवा कोलम यांच्या पिठाच्या कांड्या थंड होताच कडक होतात, कारण सुटा भात देणाऱ्या तांदळांत अमायलोज या स्टार्चच्या प्रकाराचे प्रमाण जास्त असते आणि थंड झाल्यावर आधी तेच घट्ट होते. महाराष्ट्रात सहज मिळणाऱ्यांपैकी मावळातला इंद्रायणी यासाठी मला सर्वांत योग्य वाटतो, कारण त्याचा भात मुळातच चिकट होतो. तो ६ ते ८ तास भिजवून, निथळून, शक्य तितक्या कमी पाण्यात वाटावा आणि २ वाट्या तांदळांना अर्धा लहान चमचा मीठ घालावे. कोरड्या पिठीपासून करायचे असेल तर तिच्यात गरम पाणी थोडे थोडे शिंपडत जावे आणि मुठीत दाबलेला गोळा टिकू लागला की थांबावे. हे ओलसर पीठ ओल्या फडक्यावर सैल पसरून मोठ्या वाफेवर २० ते २५ मिनिटे शिजवावे. पीठ दाबून भरले तर वाफ मधोमध पोहोचत नाही आणि कच्च्या गाठी राहतात, ज्या कितीही कुटून जात नाहीत.

वाफवलेले पीठ लगेच खलात किंवा जाड पातेल्यात घ्यावे आणि मिठाच्या पाण्यात बुडवलेल्या बत्त्याने किमान १० मिनिटे कुटावे. सुरुवातीला ते भुसभुशीत असते, मग चिकट होते आणि शेवटी गुळगुळीत होऊन ओढल्यावर लांबते. ही शेवटची अवस्था येण्यापूर्वी थांबू नये. मध्येच पीठ निवले तर पुन्हा ५ मिनिटे वाफवून कुटणे चालू ठेवावे. त्यानंतर हाताला तिळाचे तेल लावून बोटाएवढ्या जाडीच्या कांड्या वळाव्यात, जराशा निवल्या की कापाव्यात आणि त्याच दिवशी वापराव्यात. उन्हाळ्यात शिजवलेल्या तांदळाचा कोणताही पदार्थ दोन तासांहून अधिक काळ बाहेर ठेवणे सुरक्षित नाही, म्हणून लगेच वापरायच्या नसतील तर थेट फ्रीजरमध्ये ठेवाव्यात.

खाताना आणि उरल्यावर

तोकबोक्की गरमच खावी लागते, कारण ताटात निवतानाच कांड्या पुन्हा घट्ट होऊ लागतात. सोबत उकडलेले अंडे, ओमुक म्हणजे माशाच्या पिठाच्या चकत्या, आणि रश्श्यात बुडवून खाण्यासाठी तळलेली रताळी किंवा भाज्या असल्या की जेवण पूर्ण होते. लहान मुलांना आणि वृद्धांना मात्र अख्ख्या कांड्या देऊ नयेत. चिवट कांडी घशात अडकण्याचा धोका खरा असतो, त्यामुळे त्यांच्यासाठी ती लहान तुकड्यांत कापूनच वाढावी.

उरलेल्या कांड्या रश्श्यासह फ्रीजमध्ये ठेवल्या तर दुसऱ्या दिवशी त्या कडक असणारच. त्या पसरट भांड्यात घेऊन पाव वाटी पाणी घालावे, झाकण ठेवून मंद आचेवर मध्यापर्यंत मऊ होऊ द्याव्यात आणि रस्सा शेवटी झाकण काढून आटवावा. मायक्रोवेव्हमध्ये कोरड्याच तापवल्या तर कडा चामट होतात. कांड्या संपून नुसता रस्सा उरला असेल तर तो टाकू नये. सिनदांग-दोंगमध्ये टेबलावरच्या पसरट भांड्यात शेवटी उरलेल्या अशाच रश्श्यात भात परततात. वाटीभर भाताला ३-४ मोठे चमचे रस्सा, थोडे तिळाचे तेल आणि असल्यास चुरलेले भाजके समुद्री शेवाळ पुरते. भात पसरून तळाला खरपूस पापुद्रा धरेपर्यंत तो हलवू नये.